हॉल तिकीट अडवलंय, हायकोर्टात जाऊ का?

पत्र

ताई, मी बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला आहे. सत्राची लेखी परीक्षा अकरा दिवसांवर आली आहे आणि माझं नाव डिफॉल्टर यादीत लागलंय. हजेरी ५७.५ टक्के, नियम ७५ टक्क्यांचा. मध्ये मला डेंगी झाला होता. चार दिवस ॲडमिट होते, नंतर दोन आठवडे घरीच. त्याआधी युवक महोत्सवात कॉलेजच्या एकांकिकेत काम केलं, त्यातही तास बुडाले. सर म्हणतात, आता काही होणार नाही, पुढच्या वर्षी पुन्हा टर्म भर. माझ्याच वर्गातल्या एका मुलीची हजेरी माझ्याहून कमी असताना तिला हॉल तिकीट मिळालंय. बाबा म्हणतात, हायकोर्टात जाऊ. आई म्हणते, कॉलेजशी वाकडं घेऊ नकोस, प्रॅक्टिकलचे मार्क त्यांच्याच हातात आहेत. एक सिनियर म्हणाला, कोर्ट परीक्षेला बसू देतंच, आणि दिल्लीच्या कोर्टाने तर हजेरीवरून कुणाला अडवायचंच नाही असं सांगितलंय. खरं काय मानायचं? आठवडाभर नीट झोप नाही. हजेरीचा तक्ता आणि विद्यापीठाचा नियम सोबत जोडला आहे.
– एक विद्यार्थिनी

उत्तर

आधी तुझ्या झोपेबद्दल. आठवडाभर झोप लागत नसेल आणि डोक्यात तेच तेच फिरत असेल, तर आज आईजवळ मोकळेपणाने बोल. घरात बोलता येत नसेल तर १४४१६ या टेलि-मानसच्या क्रमांकावर फोन कर. सरकारी सेवा आहे, पैसे लागत नाहीत आणि मराठीत बोलता येतं. हे आधी सांगते, कारण पुढचे अकरा दिवस तुला कागदपत्रंही सांभाळायची आहेत आणि अभ्यासही करायचा आहे. दोन्हीला डोकं थाऱ्यावर हवं.

आता तुझा प्रश्न. हायकोर्टाचा दरवाजा तुझ्यासाठी उघडा आहे, पण आज तिथे गेलीस तर रिकाम्या हाताने जाशील. तुझ्या हातात अजून कॉलेजचा लेखी नकारसुद्धा नाही. आणि तू पाठवलेला तक्ता पाहिल्यावर मला वाटतं, नीट मांडणी केलीस तर कोर्टापर्यंत जावंच लागणार नाही.

तक्ता मी ओळ न् ओळ पाहिला. सत्रात तासिका आणि प्रात्यक्षिकं मिळून ३२० तास झाले, तू १८४ ला हजर होतीस. ७५ टक्क्यांसाठी २४० हवेत. म्हणजे ५६ तासांची तूट. तुझ्या आणि सरांच्या दोघांच्याही नजरेतून जे निसटलंय ते नियमाच्या तिसऱ्या परिच्छेदात आहे: महाविद्यालयाने पाठवलेल्या क्रीडा व सांस्कृतिक उपक्रमांत गेलेला वेळ हजेरीत धरायचा. एकांकिकेच्या तालमी आणि स्पर्धेत तुझे २४ तास गेले. ते धरले की हजेरी २०८, म्हणजे बरोबर ६५ टक्के, आणि तूट उरते ३२ तासांची. पुढच्याच परिच्छेदात प्राचार्यांना आजारपणासारख्या सबळ कारणासाठी १५ टक्क्यांपर्यंतची तूट माफ करायचा अधिकार दिलाय. तुझी तूट १० टक्क्यांची. डेंगीच्या काळात तुझे ६२ तास बुडाले, म्हणजे माफी मागायची आहे त्याच्या जवळजवळ दुप्पट तासांचा पुरावा तुझ्याकडे आहे. मात्र एकांकिकेचे २४ तास धरले नाहीत तर तूट साडेसतरा टक्के होते आणि मग प्राचार्यांच्या मनात असूनही त्यांचे हात बांधलेले राहतात. तुझ्या प्रकरणाचा सगळा जीव त्या २४ तासांत आहे. सांस्कृतिक विभागाच्या प्राध्यापकांकडून तारखा-वेळांसकट पत्र आजच्या आज घे. तालमींची यादी त्यांच्याकडे असतेच.

हिशेबात अजून ५० तास उरतात, ज्यांना ना आजारपणाचा आधार आहे ना महोत्सवाचा. त्यांच्याबद्दल तू पत्रात एक अक्षर लिहिलेलं नाहीस. ते तास तू नुसतेच बुडवलेस, असं मी धरून चालते. चालेल. दुसऱ्या वर्षाच्या मुलीने तास बुडवले म्हणून आभाळ कोसळत नाही. पण त्या तासांसाठी कुणी ओळखीच्या डॉक्टरांकडून मागच्या तारखेचं सर्टिफिकेट आणून द्यायला तयार असेल, तर हात जोडून नाही म्हण. डेंगीचा तुझा कागद सोन्यासारखा आहे: रक्ताचा रिपोर्ट, डिस्चार्ज कार्ड, औषधांची बिलं, सगळं तारखेसकट. त्याच्या शेजारी एक खोटा कागद ठेवलास की खऱ्यावरही कुणी विश्वास ठेवणार नाही. कोर्टात तर अशा एका कागदाने अख्खी याचिका बुडते.

आता अर्ज. प्राचार्यांच्या नावाने लिही, एका पानात. वरचा हिशेब आकड्यांसकट मांड, नियमाचे दोन्ही परिच्छेद जसेच्या तसे उतरव आणि शेवटी दोन मागण्या कर: हे २४ तास हजेरीत धरावेत आणि उरलेली तूट माफ करावी, नकार द्यायचा असेल तर कारणांसह लेखी कळवावं. ‘कारणांसह लेखी’ हे शब्द विसरू नकोस. सरांच्या ‘आता काही होणार नाही’ला कोर्टात काही किंमत नाही. ते कधी म्हणाले, कोणत्या नियमाने म्हणाले, त्यांना तो अधिकार होता का, यातलं काहीच सिद्ध करता येत नाही. लेखी नकारात कारण नसेल किंवा असलेलं कारण नियमाला धरून नसेल, तर तिथूनच तुझी बाजू उभी राहते. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का घे. खिडकीवर घेत नसतील तर वाद घालत बसू नकोस. तोच अर्ज प्राचार्यांना ई-मेलने आणि स्पीड पोस्टने पाठव, आणि विद्यापीठाच्या परीक्षा व मूल्यमापन मंडळाच्या संचालकांना त्याची प्रत दे. पुढे कोर्टात विद्यापीठाने ‘आम्हाला हे माहीतच नव्हतं’ म्हणू नये म्हणून ही प्रत.

सोबत आणखी एक विचार. सत्र चालू असताना दर महिन्याला कमी हजेरीची यादी लावली होती का? तुला किंवा घरी एखादं पत्र, एखादा मेसेज आला होता का? तुझ्या पत्रावरून दिसतं की पहिली आणि शेवटची यादी परीक्षेच्या तोंडावरच लागली. याचा मला मनापासून राग येतो. सत्रभर रजिस्टर कपाटात ठेवायचं, परीक्षेचे फॉर्म आणि फी बिनबोभाट घ्यायची, आणि ऐन वेळी शिस्तीची आठवण काढायची, हे मुलांच्या वर्षाशी खेळणं आहे. ऑगस्टमध्ये कुणी सांगितलं असतं तर तू ते ५० तास भरून काढले असतेस. आधी सूचना दिली नाही आणि बाजूही ऐकली नाही, हे दोन्ही मुद्दे अर्जात एकेका वाक्यात नोंदव. एवढ्यावर तू जिंकशील असं नाही, पण न्यायाधीशांच्या मनात कॉलेजच्या वागण्याबद्दल प्रश्न उभा राहतो.

अर्जाच्याच दिवशी कॉलेजच्या विद्यार्थी तक्रार निवारण समितीकडेही तक्रार दे. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०२३ च्या विनियमांप्रमाणे ही समिती असायलाच हवी, तिने शक्यतो १५ कामकाजाच्या दिवसांत अहवाल द्यायचा असतो, आणि तो पटला नाही तर १५ दिवसांत विद्यापीठाने विद्यार्थ्यांच्या तक्रारींसाठी नेमलेल्या लोकपालांकडे अपील करता येतं. तुझ्या परीक्षेपूर्वी यातलं काही पूर्ण होणार नाही, मला ठाऊक आहे. तरी दे. कोर्टात पहिला प्रश्न येतो तो, आधी कुणाकडे दाद मागितली होती का, हाच.

आता तुझ्या सिनियरच्या बोलण्याकडे येते, कारण त्याच्यासारखं बोलणारे प्रत्येक कॉलेजात असतात आणि त्यांच्या भरवशावर मुलं फसतात. कोर्ट परीक्षेला बसू देतंच, असं अजिबात नाही. परीक्षेच्या नियमांबाबत आपल्याकडच्या न्यायालयांची मूळ भूमिका हात आखडता घेण्याचीच आहे. आपल्या महाराष्ट्रातलंच उदाहरण बघ. दहावी-बारावीच्या मंडळाचा पुनर्मूल्यांकन न देण्याचा नियम मुंबई उच्च न्यायालयाने रद्द केला होता. सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्ये तो निकाल फिरवला आणि बजावलं की शिक्षणाच्या बाबतीत काय शहाणपणाचं ते त्या क्षेत्रातल्या संस्थांना ठरवू द्यावं, न्यायालयांनी आपलं मत त्यांच्यावर लादू नये. दोन वर्षांनी, आंध्र प्रदेशातल्या एका मान्यता नसलेल्या वैद्यकीय महाविद्यालयाच्या प्रकरणात, न्यायालय म्हणालं की ज्या कायद्यामुळे विद्यापीठ अस्तित्वात आलं तोच कायदा मोडायला आम्ही विद्यापीठाला सांगू शकत नाही. १९९३ मध्ये गुरू नानक देव विद्यापीठाच्या प्रकरणात तर निव्वळ सहानुभूतीपोटी दिल्या जाणाऱ्या अंतरिम, म्हणजे अंतिम निकालाआधीच्या तात्पुरत्या आदेशांवर सर्वोच्च न्यायालयाने फार कडक शब्दांत टीका केली.

म्हणून ‘७५ टक्क्यांचा नियमच अन्यायकारक आहे, तो रद्द करा’ अशी मागणी घेऊन तू जाऊ नयेस, असं माझं स्पष्ट मत आहे. असे नियम सगळीकडे आहेत, मुंबई विद्यापीठाच्या ६०८६ क्रमांकाच्या अध्यादेशातही सरासरी ७५ टक्क्यांचीच अट आहे. ती लढाई लढायची तर विद्यार्थी संघटनांनी, वेळ घेऊन, विद्यापीठाच्या विद्या परिषदेत आणि अधिसभेत लढावी. अकरा दिवसांवर परीक्षा असलेल्या मुलीने ती अंगावर घेऊ नये. तुझं म्हणणं याच्या अगदी उलट हवं: नियम मला मान्य आहे, तो पूर्ण वाचा आणि पूर्ण लागू करा. ७५ ची ओळ वाचायची आणि खालच्या दोन परिच्छेदांवर पांघरूण घालायचं, एवढ्यालाच माझी हरकत आहे. असं म्हणणाऱ्या विद्यार्थ्याचं न्यायालय ऐकतं, कारण इथे प्राध्यापकांच्या जागी बसून निर्णय घ्यायला त्याला कुणी सांगत नसतं.

आणि समज, कोर्टाने अंतरिम परवानगी दिलीच, तर हातात काय येतं? परीक्षेच्या हॉलमधली एक खुर्ची. आदेशात बहुतेक वेळा लिहिलेलं असतं की ही परवानगी याचिकेच्या अंतिम निकालावर अवलंबून आहे, निकाल राखून ठेवावा, आणि परीक्षेला बसली म्हणून विद्यार्थिनीला वेगळा हक्क सांगता येणार नाही. उद्या याचिका फेटाळली तर लिहिलेले पेपर पाण्यात जातात. हे ठाऊक असून परवानगी मागायची असेल तर माग. परवानगी मिळाली म्हणजे जिंकलो, असं समजून तिसऱ्या वर्षाची फी भरून मोकळी होऊ नकोस.

विद्यार्थ्याच्या बाजूने लागलेला एक जुना निकाल तुझ्या बाबांना कुणीतरी सांगेलच, म्हणून तोही समजून घे. कुरुक्षेत्र विद्यापीठाने विधी शाखेच्या एका विद्यार्थ्याला परीक्षेला बसू दिलं आणि मग त्याची हजेरी कमी होती म्हणून उमेदवारी रद्द केली. १९७५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने विद्यापीठाला अडवलं. छाननी परीक्षेआधी करायची असते, ते विभागप्रमुखांचं आणि विद्यापीठाचं काम आहे, विद्यार्थ्याने काहीही लपवलेलं नाही, आणि एकदा परीक्षेला बसू दिल्यावर त्या कारणाने मागे फिरता येणार नाही, असं न्यायालय म्हणालं. पण त्याला विद्यापीठाने आपणहून बसू दिलं होतं. तुला अजून कुणी बसू दिलेलं नाही. कोर्टाच्या अंतरिम आदेशावर बसलेल्या विद्यार्थ्याला हा आधार तसाच्या तसा मिळत नाही. तुझ्या वर्गातल्या त्या मुलीला मात्र तो कदाचित कामाला येईल.

तिच्याविषयी एवढंच सांगते: अर्जात तिचं नाव घालू नकोस. ‘तिला दिलंत तर मलाही द्या’ हा मुद्दा कोर्टात टिकत नाही. एकाच्या बाबतीत नियम मोडला म्हणून दुसऱ्यासाठीही मोडा, असं समानतेच्या हक्काखाली मागता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा सांगितलंय. शिवाय तिच्या घरी काय परिस्थिती आहे, तिने काय कागद दिलेत, तुला माहीत नाही. फार तर एवढं लिही की प्राचार्यांनी यंदा आजारपणासाठी इतर विद्यार्थ्यांची तूट माफ केली असेल, तर तोच निकष मलाही लावावा. त्यात तिचं वर्ष धोक्यात येत नाही आणि तुझं म्हणणंही पूर्ण पोचतं.

दिल्लीचा निकाल खरा आहे, पण सिनियरने तो अर्धाच सांगितला. ३ नोव्हेंबर २०२५ रोजी दिल्ली उच्च न्यायालयाने विधी अभ्यासक्रमाच्या विद्यार्थ्यांना हजेरीच्या कारणावरून परीक्षेपासून रोखू नये, असं म्हटलं. २०१६ मध्ये एका विधी विद्यार्थ्याने हजेरीच्या कारणावरून परीक्षेला मुकल्यावर जीव दिला होता, त्या प्रकरणातून हा निकाल आला. तो बार कौन्सिलच्या, म्हणजे वकिलांच्या नियामक संस्थेच्या नियमांखाली चालणाऱ्या अभ्यासक्रमांबद्दल आहे. तू बी.एस्सी.ला आहेस, आणि दुसऱ्या राज्यातल्या उच्च न्यायालयाचा निकाल मुंबई उच्च न्यायालयावर बंधनकारक नसतो. तुझ्या वकिलांना त्यातला विचार वाचून दाखवता येईल, म्हणजे हजेरीपायी मुलांच्या मनावर केवढा ताण येतो त्याची दखल न्यायालयाने घेतली, एवढं. त्याच्या भरवशावर घरी बसू नकोस.

अर्ज दिल्यावर तीन दिवस थांब. चौथ्या दिवशी नकार आला किंवा काहीच आलं नाही, तर बाबांना वकिलांकडे जाऊ दे. त्याहून उशीर नको. परीक्षेच्या आदल्या संध्याकाळी धावत आलेल्या याचिकेकडे न्यायालय ‘इतके दिवस काय करत होता’ याच नजरेने पाहतं, आणि ते योग्यच आहे. ही रिट याचिका असते, म्हणजे कॉलेज-विद्यापीठाला आदेश द्यावा म्हणून थेट उच्च न्यायालयात केलेली, राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खालची. तुझ्या जिल्ह्याप्रमाणे ती मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगरला दाखल होईल. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग यांपैकी जिल्हा असेल तर १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच आहे, मुंबईची खेप वाचते. याचिकेत कॉलेज आणि विद्यापीठ दोघांनाही पक्षकार करायचं आणि दोघांच्याही वकिलांना आधी प्रत द्यायची, म्हणजे पहिल्याच सुनावणीला त्यांना उत्तर देता येईल. परीक्षेची तारीख जवळ आहे हे सांगून वकील तातडीच्या सुनावणीची विनंती करतात.

खर्चाचा तू उल्लेख केला नाहीस, पण बाबांच्या डोक्यात तो असणार. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे स्त्रियांना मोफत कायदेशीर मदतीचा हक्क आहे, तिथे उत्पन्नाची अट लागत नाही. उच्च न्यायालयाच्या विधी सेवा समितीकडे अर्ज केला की वकील मिळतो. संकोच करू नका. तो तुझा हक्क आहे.

राहता राहिली आईची भीती. ती खोटी आहे असं मी म्हणणार नाही. प्रात्यक्षिकाचे आणि अंतर्गत मूल्यमापनाचे गुण देणारी माणसं तीच असतात. पण तुझ्या अर्जात कुणावरही आरोप नाही. त्यात आकडे आहेत, नियम आहे आणि एक विनंती आहे. असा अर्ज वाचून चिडणारे प्राचार्य मी कमीच पाहिलेत. बरेच जण सुटकेचा श्वास सोडतात, कारण मुलीला बसू द्यायला त्यांनाही फायलीत लावायला एक कागद हवाच असतो. शक्य असेल तर अर्ज द्यायला आईला सोबत ने, बाबांपेक्षा आईला. तिने प्राचार्यांसमोर डिस्चार्ज कार्ड ठेवावं आणि आवाज न चढवता विचारावं, साहेब, नियमात हे बसतंय का ते आपण एकदा बघता का. अंतर्गत परीक्षांचे जे गुण आतापर्यंत जाहीर झालेत त्यांचा फोटो आजच काढून ठेव, जर्नलवरच्या सह्यांसकट. पुढे ते बदलले तर दाखवायला काहीतरी हातात असेल.

हे सगळं करूनही नकारच आला आणि कोर्टानेही काही दिलं नाही, तर एका सत्राची टर्म पुन्हा भरावी लागेल. वाईट वाटेल, मैत्रिणी पुढे जातील, घरात थोडे दिवस शांतता असेल. तुझ्या मागच्या दोन्ही सत्रांचे पास झालेले पेपर मात्र तसेच राहतील, आणि पुढे एम.एस्सी.ला जाताना किंवा नोकरीच्या मुलाखतीत कुणी विचारलंच तर डेंगी झाला होता एवढं सांगितलंस की पुरे. पण तिथवर वेळ येईल असं तुझे कागद बघून मला वाटत नाही. आज रात्री अर्ज लिहून काढ, उद्या कॉलेज उघडताच दे आणि शिक्का मारलेल्या प्रतीचा फोटो मला पाठव. प्राचार्यांचं उत्तर आलं की तेही पाठव, वकिलांकडे जाण्याआधी मी ते वाचून देईन.